बक्कल जमा

समजा, तुम्ही पोलीस आहात. बंदरावरच्या पोलीस दलात अकरा वर्षं काढलीत आणि उद्यापासून शहर दलात हजर व्हायचं आहे. तुम्ही स्टोअरच्या खिडकीपाशी उभे आहात. आत जाड भिंगांचा चष्मा लावलेला स्टोअरकीपर. तुम्ही एकेक वस्तू टेबलावर ठेवायची, त्याने ती उलटसुलट करून बघायची आणि मागे सरकवायची. काठी ठेवा. शिट्टी ठेवा, दोरीसकट. रेनकोट, टॉर्च. टॉर्चमधले सेल काढून घेऊ नका, तो झाकण उघडून बघतो. शेवटी उरतं कमरेच्या पट्ट्यावरचं बक्कल. पितळेची चपटी पट्टी, तिच्यावर तुमचा नंबर. इतकी वर्षं वरिष्ठांनी तुम्हाला नावापेक्षा या नंबरानेच जास्त हाका मारल्या. आता सांगा, बक्कल काढून टेबलावर ठेवाल, की तसंच कमरेला लावून बाहेर पडाल?

बहुतेक जण म्हणतील, ठेवू. सरकारची वस्तू सरकारला. या गोष्टीतल्या हवालदारानेही तेच केलं. वर आदल्या संध्याकाळी ते बक्कल लिंबू-मिठाने घासून असं चकचकीत केलं, की स्टोअरकीपरने त्यात बघून मिशी सारखी केली.

या हवालदाराला दलात सगळे इस्त्री म्हणायचे. त्याच्या पँटच्या घडीवर भाजी चिरता येईल, असं लोक म्हणत. आणि ज्याच्यामुळे ही गोष्ट घडली, त्याला सगळे सुरकुती म्हणत. कारण सांगायला नकोच. सुरकुतीचा शर्ट एका बाजूने कायम बाहेर, आणि बुटाची एक नाडी अशी लोंबत असायची की मागून चालणारा जपून चालायचा. दोघं एकाच तुकडीत भरती झाले, एकाच खोलीत शेजारशेजारच्या खाटांवर झोपले आणि पुढे दोन सख्ख्या बहिणींशी लग्न करून साडू झाले.

तेही इस्त्रीच्याच हातून घडलं. त्याचं लग्न आधी झालं होतं. धाकट्या मुलीसाठी स्थळं बघताना सासऱ्यांनी विचारलं, "तुमच्या शेजारच्या खाटेवरचा तो मुलगा कसा आहे हो?" इस्त्रीच्या जिभेवर आलं होतं, गबाळा आहे. पण सहकाऱ्याबद्दल वाईट बोलू नये, ही त्याची शिस्त. तो म्हणाला, "बरा आहे." या दोन शब्दांची किंमत त्याने पुढे जन्मभर मोजली.

कारण लग्नानंतर पहिल्याच भेटीत सुरकुतीने सासरी तीनदा वाढून घेतलं आणि दुपारी बैठकीच्या खोलीत तोंड उघडं टाकून झोपला. इस्त्रीला वाटलं, आता सासूबाईंना कळेल काय रत्न मिळालंय ते. सासूबाई त्याच्या अंगावर चादर घालत म्हणाल्या, "किती मोकळा माणूस. घरचाच वाटतो." इस्त्री तेव्हा खुर्चीच्या कडेवर ताठ बसून नव्या कपातून चहा पीत होता. त्याच्यासाठी नेहमी नवे कप निघत. सुरकुती स्वयंपाकघरात जाऊन मिळेल त्या भांड्यातून प्यायचा. थोरला जावई पाहुणाच राहिला आणि धाकटा घरचा झाला. हे दुखणं कुठल्या डॉक्टरला दाखवायचं?

नोकरीतही तेच. परेडला इस्त्रीचं कौतुक व्हायचं, पण साहेबांच्या गाडीत पुढच्या सीटवर गप्पा मारत जायचा सुरकुती. इस्त्री परीक्षेसाठी पाठांतर करायचा, सुरकुती त्याच्याकडून ऐकून जायचा आणि दोघं एकाच दिवशी हवालदार झाले. देणारा छप्पर फाडून देतो म्हणतात, ते इस्त्रीला मान्य होतं. त्याचा प्रश्न एवढाच होता की छप्पर नेहमी शेजारचंच का फाटतं.

मग निवृत्तीचं वर्ष आलं. सुरकुतीचा जन्म तीन महिने आधीचा, म्हणून तो आधी घरी बसला. एका रविवारी तो बायकोला घेऊन इस्त्रीच्या क्वार्टरवर आला. धाकट्या बहिणीने पिशवीतून एक कार्ड काढून ताईपुढे धरलं.

"बघ गं ताई. पोलीस रुग्णालयाचं कार्ड. दोघांना जन्मभर. यांचा फोटो बघ, झोपेतून उठवून काढल्यासारखा."

"झोपेतून उठवूनच काढलाय," सुरकुती म्हणाला. "रांगेत डुलकी लागली होती."

ताई हसली आणि हसता हसता तिला धाप लागली. तिला दम्याचा जुना त्रास. उशाशी वाफ घ्यायचं मशीन होतं, आणि महिन्यातून दोनदा तरी पोलीस रुग्णालयाची फेरी व्हायची. नवरा नोकरीत आहे तोवर ते सगळं होणार होतं. पुढचं या कार्डावर अवलंबून होतं, आणि कार्ड फक्त पूर्ण सेवा झालेल्यांनाच मिळायचं. धाकटीला आयुष्यात कधी सर्दीदेखील धड झाली नव्हती. तिच्या हातात कार्ड होतं.

"बंदरावरची वर्षं धरली का तुझी?" इस्त्रीने सहज विचारल्यासारखं विचारलं.

"धरली की. सलग सेवा, पूर्ण पेन्शन. मला वाटलं होतं काहीतरी खोट निघेल. माझ्या बाबतीत निघायलाच हवी होती, नाही का साडूबुवा?"

"हो," इस्त्री म्हणाला. सगळे हसले. तो मात्र मनापासून म्हणाला होता.

दुसऱ्याच दिवशी तो पेन्शन शाखेत गेला. तिथे कॉम्प्युटरपुढे एक तरुण बाई बसायच्या. येणाऱ्या प्रत्येकाला काका म्हणायच्या आणि प्रत्येकाला पाणी विचारायच्या. त्यांनी नंबर टाकला, स्क्रीन बघितली, परत नंबर टाकला.

"काका, तुमची सेवा शहर दलात आलात तिथपासून दिसतेय."

"आणि बंदराची अकरा वर्षं?"

"ती वेगळी नोकरी म्हणून बंद झालीय. सोडून गेले, असं आहे."

"मी कुठे सोडून गेलो? हुकूम आहे माझ्याकडे."

हुकमाची प्रत त्याने आणलीच होती, पुठ्ठ्याच्या फाइलीत, कोपरा न दुमडलेली. बाईंनी वाचली. "यात फक्त 'शहर दलात घेण्यात येत आहे' एवढंच आहे, काका. त्या वेळी काही लोक बंदराची नोकरी सोडून, हिशेब घेऊन इथे नव्याने लागले, काही बदलीने आले. सगळ्यांचा हुकूम एकच निघाला. कोण कसा आला ते यावरून कळत नाही."

"मी हिशेब घेतला नव्हता."

"ते कागद बंदर दल बंद झालं तेव्हाच गेले."

इस्त्रीने हुकमावरच्या साडूच्या नावावर बोट ठेवलं.

"मग माझ्या साडूची कशी धरलीत? तोही त्याच हुकमात आहे. सांगू का, बाई, त्या माणसाने सरकारी बक्कलसुद्धा जमा केलं नव्हतं. पट्ट्याला तसंच लावून शहर दलात गेला. चौकशी करा हवं तर."

बोलून झाल्यावर त्याला बरं वाटलं, बुटातला खडा काढल्यासारखं. बाईंचा हात मात्र कीबोर्डवर थांबला होता.

"तुम्ही केलं होतं जमा?"

"मी? घासून, पुसून."

"मग तिथेच घोळ झाला, काका."

आणि त्यांनी समजावून सांगितलं. बंदर दलाची रीत अशी होती की नोकरी सोडणारा बक्कल स्टोअरला जमा करून जायचा. बदली होणारा ते कमरेला लावूनच नव्या दलात जायचा, तिथला स्टोअरकीपर ते उतरवून नवा नंबर द्यायचा आणि जुनं टपालाने परत पाठवायचा. पुढे स्टोअरच्या वहीतल्या जुन्या नोंदी कॉम्प्युटरवर चढवल्या, तेव्हा 'बक्कल जमा' दिसलं की तो माणूस सेवा सोडलेल्यांत गेला.

"मला कोणी सांगितलं नव्हतं," इस्त्री म्हणाला.

"कोणालाच सांगत नसतील. बहुतेक लोक कंटाळा करून तसेच जात असतील, म्हणून चालून जायचं."

म्हणजे कंटाळा हा नियम होता, आणि नीटनेटकेपणा हा गुन्हा. इस्त्रीने फाइल बंद केली, फीत बांधली, गाठ सरळ आली नाही म्हणून सोडून पुन्हा बांधली.

"एक उपाय आहे," बाई म्हणाल्या. "त्याच हुकमातला, सलग सेवा मिळालेला कोणी असेल, तर त्याने साहेबांपुढे येऊन सांगायचं की तुम्हीही बदलीनेच आलात. आहे का कोणी तुमच्या ओळखीचं?"

इस्त्रीने फाइल काखेत घेतली. मग म्हणाला, "आहे एक. लांबचा नातेवाईक."

घरी ताईने सगळं ऐकून घेतलं. वाफेच्या मशीनची नळी गुंडाळत ती म्हणाली, "मग जा की. त्यात काय आहे एवढं?"

"त्याच्यापुढे हात पसरू?"

"हात नका पसरू. तोंड उघडा."

"उद्या जन्मभर ऐकवेल."

"कधी काही ऐकवलंय का त्यांनी तुम्हाला? उगाच कोणावर आळ घेऊ नका." मग जरा थांबून, श्वास घेऊन म्हणाली, "कार्ड तुमच्या मानासाठी नकोय मला, अहो. औषधासाठी हवंय."

तो मागच्या गॅलरीत जाऊन बूट पॉलिश करायला बसला. डोकं तापलं की तो बूट घ्यायचा. ब्रश फिरत होता आणि त्याला स्टोअरच्या खिडकीची ती दुपार आठवत होती. इतकी वर्षं तिच्यातला एक तुकडा त्याने कधी बाहेर काढून बघितला नव्हता.

त्या सकाळी शहर दलातल्या नेमणुका वाचून दाखवल्या होत्या. सुरकुतीला कंट्रोल रूम. खुर्ची, पंखा, घर दहा मिनिटांवर. इस्त्रीला शहराबाहेरचा तपासणी नाका, जिथे दिवसभर ट्रकांची धूळ खायची. सामान जमा करायला तो निघाला, तेव्हा काठी-शिट्टी आधीच देऊन बक्कल तेवढं विसरलेला सुरकुती खाटेवर पडल्या पडल्या आपलं बक्कल पुढे करत म्हणाला होता, "माझंही घेऊन जा ना. तिथपर्यंत कोण चालणार?"

आणि इस्त्री म्हणाला होता, "मी काय तुझा हमाल आहे?"

सुरकुतीने खांदे उडवले आणि बक्कल परत पट्ट्याला अडकवलं. बस्स. एवढंच. दुसऱ्या दिवशी तो तसाच शहर दलात गेला.

ब्रश थांबला. म्हणजे सुरकुतीची सलग सेवा, त्याची पूर्ण पेन्शन, मेहुणीच्या पिशवीतलं कार्ड, हे सगळं इस्त्रीच्या जळफळाटानं त्याला मिळवून दिलं होतं. मनात माया असती तर त्याने ते बक्कल नेलं असतं, आणि आज दोघंही 'जमा' असते. नेलं असतं तर बरं झालं असतं, असं त्याला वाटलं. असं वाटल्याची लाज वाटली. पण वाटायचं काही थांबलं नाही.

संध्याकाळी तो सुरकुतीकडे गेला. सुरकुती बनियनवर बसून पंखा खोलत होता. स्क्रू सगळ्या खोलीभर पसरलेले.

"या साडूबुवा. पाय जपून टाका. तो छोटा स्क्रू सापडला तर सांगा."

इस्त्रीने उभ्याउभ्याच सगळं सांगितलं. रीत सांगितली, बाईंनी सांगितलेला उपाय सांगितला. खाटेवरच्या त्या बोलण्याबद्दल काही बोलला नाही. त्याला वाटलं होतं, सुरकुती जरा विचार करेल, जरा भाव खाईल. तसं झालं असतं तर त्याला सोपं गेलं असतं.

"कधी जायचं?" सुरकुती म्हणाला.

"परवा."

"परवा जाऊ. तुमच्या डाव्या बुटाखाली आहे बहुतेक तो."

स्क्रू खरंच तिथे होता. इस्त्रीने तो उचलून दिला आणि घरी येताना वाटेत विचार करत राहिला, की याला कुठलीच गोष्ट शोधावी कशी लागत नाही.

ठरल्या दिवशी दोघं साहेबांपुढे बसले. साहेब वयाने त्यांच्या मुलांएवढे, पण प्रश्न नेमके. बाजूला पेन्शन शाखेतल्या बाई लिहून घेत होत्या. साहेबांनी दोन्ही प्रकरणं शेजारी ठेवली आणि सुरकुतीला विचारलं,

"तुम्ही बक्कल बरोबर आणलंत. म्हणजे बदली आहे हे तुम्हाला माहीत होतं?"

इस्त्रीच्या लक्षात आलं, इथे आपण बुडालो. सुरकुती 'हो' म्हणाला की त्याचं सगळं पक्कं. आणि ज्याने जमा केलं, तो मग जाणूनबुजून सोडून गेला असणार. कोणीही 'हो' म्हणेल. स्वतःचं घर शाबूत ठेवायला कोण चुकतं? मी म्हटलं असतं, असं इस्त्रीच्या मनात स्वच्छ उमटलं.

"नाही साहेब," सुरकुती म्हणाला. "मला कसली रीतबीत माहीत नव्हती. मीसुद्धा जमाच करणार होतो. आळस केला."

बाईंनी मान वर करून बघितलं. साहेब जरा पुढे झुकले. "म्हणजे तुम्हीही नोकरी सोडत होतात?"

"सोडून जाणार कुठे, साहेब? मला दुसरीकडे कोण ठेवून घेणार? आम्ही दोघं एकाच ट्रकमधून आलो, सामान उतरवलं आणि त्याच दिवशी ड्युटीला उभे राहिलो. त्यांचं बक्कल जमा झालं म्हणून ते सोडून गेले असं धरलंत, तर मीही सोडून गेलो. मी गेलो नसेन, तर तेही गेले नाहीत. फरक एवढाच, की ते स्टोअरपर्यंत चालत गेले."

"असं लिहून दिलंत तर तुमचं प्रकरणही उघडावं लागेल. निकाल होईपर्यंत तुमचं कार्ड थांबेल. कळतंय ना?"

"उघडा, साहेब. आत फारसं काही नाही."

साहेबांना हसू आलं, ते त्यांनी खोकल्यात दडवलं. बाईंनी लिहिलेलं वाचून दाखवलं. सुरकुतीने वाकडीतिकडी सही ठोकली आणि पेन चुकून स्वतःच्या खिशाला लावला. बाईंनी मागून घेतला.

इस्त्रीचं लक्ष एकाच वाक्यावर अडकलं होतं. आळस केला. साडूला द्यायला गेलो आणि साडूने नेलं नाही, हे तो म्हणाला नव्हता. विसरला होता, की गिळला होता? जिना उतरताना दोनदा विचारायला तोंड उघडलं, दोनदा नुसताच खोकला काढला. खाली सुरकुती म्हणाला, "चहा पाजा साडूबुवा, घसा कोरडा पडला. साहेबांपुढे खरं बोलायची सवय नाही." इस्त्रीने चहा पाजला. सुरकुतीने दोन घेतले.

पुढचे काही आठवडे वाट बघण्यात गेले. त्याच काळात मेहुणीची दाढ दुखायला लागली. कार्ड थांबलेलं, म्हणून तीही थांबली आणि एका बाजूने जेवत राहिली. ताईने फोनवर विचारलं की म्हणायची, "होईल गं. ताई, तू वाफ घेतेस ना वेळेवर?" फोन ठेवल्यावर ताई नवऱ्याकडे नुसती बघायची. बोलली असती तर परवडलं असतं.

मग निकाल आला. दोघंही बदलीनेच आले, दोघांचीही सेवा सलग. इस्त्रीची अकरा वर्षं परत जोडली गेली. तो निवृत्त झाला त्या आठवड्यात कार्डही हातात पडलं. फोटोत कॉलर कडक, नजर समोर. धाकटीची दाढ निघाली. सुरकुतीने फोन करून सांगितलं, "आता निदान महिनाभर घरात शांतता. तुमच्यामुळे, साडूबुवा."

कार्ड घेऊन ताईला पहिल्यांदा रुग्णालयात नेलं, तेव्हा दोघं बाहेरच्या बाकावर नंबराची वाट बघत बसले होते. ताई खुशीत होती. कार्ड तिने पदराने दोनदा पुसलं.

"चेहरा का असा?" तिने विचारलं. "मिळालं ना सगळं?"

मिळालं होतं. जे मिळालं ते त्याच्याच कष्टाचं होतं, त्याने कोणाचं काही घेतलं नव्हतं. फक्त ते आलं होतं सुरकुतीच्या हातून, आणि सुरकुतीने ते असं दिलं होतं, जसं कोणी समोरच्याला वर्तमानपत्राचं आतलं पान काढून देतं. इतके दिवस इस्त्रीने त्याच्या पंख्याचा, खुर्चीचा, सासूबाईंनी घातलेल्या चादरीचा हेवा केला. आता त्यात साहेबांपुढच्या त्या 'नाही'ची भर पडली होती. खुर्ची निदान नेमणुकीने मिळते. ते 'नाही' कुठून मिळतं, त्याला ठाऊक नव्हतं.

आतून नंबर पुकारला, तो त्यांचा नव्हता. इस्त्रीने पँटची घडी गुडघ्यावर सारखी केली आणि बायकोकडे न बघता विचारलं,

"तुझ्या बहिणीच्या नवऱ्याला कधी कोणाचा हेवा वाटला असेल का गं?"